खानापुरातून पाथ ऑफ एग्झाइल खेळताना पार्टी कुठे शोधायची?

पाथ ऑफ एग्झाइल हा ऑनलाइन गेम सोबतीला गावात कोणी खेळत नाही, मग एकत्र खेळायला ग्रुप, म्हणजे पार्टी, कुठून मिळवायची, असं तुम्ही विचारलंय. मी बेळगावातल्या टिळकवाडीतून खेळतो. बरेच दिवस एकटाच होतो, त्यामुळे तुमची अडचण चांगली कळते.

गेममधल्या सोशल पॅनेलमध्ये पब्लिक पार्टींची यादी असते, सुरुवात तिथूनच करा. एका पार्टीत जास्तीत जास्त ६ जण आणि सगळ्यांचं कॅरेक्टर एकाच लीगमधलं, म्हणजे गेमच्या एकाच स्वतंत्र जगातलं, लागतं. नवी लीग सुरू झाली की पहिल्याच आठवड्यात शिरा, कारण नव्या लीगमध्ये सगळेच पहिल्या लेव्हलपासून सुरुवात करतात. नंतर पुढे गेलेल्यांमागे नुसतं पळावं लागतं.

पार्टीत शिरण्याआधी लूटची, म्हणजे शत्रू मेल्यावर पडणाऱ्या वस्तूंच्या वाटपाची, सेटिंग नक्की विचारा. ती लीडर ठरवतो. ‘फ्री फॉर ऑल’ असेल तर जो आधी क्लिक करेल त्याची वस्तू. ‘पर्मनंट अलोकेशन’ असेल तर तुमच्या वाट्याची तुमच्यासाठीच राखलेली राहते. अनोळखी लोकांत मी पर्मनंट अलोकेशनवालीच पार्टी घेतो, भांडण होत नाही.

पावसाळ्यात आपल्याकडे लाईट कधी जाईल सांगता येत नाही, म्हणून हार्डकोअर लीग नकोच. तिथं एकदा मेलात की कॅरेक्टर त्या लीगमधून बाहेर. आणि मराठी बोलणारे दोघं जरी भेटले तरी लगेच फ्रेंड लिस्टमध्ये घ्या, पुढं गिल्ड, म्हणजे खेळाडूंचा कायमचा गट, त्यातूनच उभी राहते.