युरोपातल्या महिला क्लबांच्या बास्केटबॉल अजिंक्यपदाचा इतिहास काय आहे? सगळ्यात यशस्वी संघ कोणता? आणि रशियन क्लब हल्ली या स्पर्धेत का दिसत नाहीत?

तुमचे प्रश्न तीन आहेत: ही स्पर्धा कधी सुरू झाली, सर्वाधिक वेळा कोण जिंकलं आणि रशियन क्लब हल्ली तिच्यात का दिसत नाहीत. थोडक्यात सांगायचं तर स्पर्धा १९५८-५९ च्या हंगामात सुरू झाली, सर्वाधिक म्हणजे १८ विजेतेपदं लात्वियातल्या टीटीटी रीगा या क्लबकडे आहेत आणि रशियन क्लबांना २०२२ मध्ये युक्रेनवरच्या हल्ल्यानंतर बाहेर काढलं गेलं. पण एवढ्यावर थांबलं तर या स्पर्धेची खरी गोष्ट राहूनच जाते. माझ्या मते ही गोष्ट आहे पैशाची. बायकांनी पूर्णवेळ बास्केटबॉल खेळावं म्हणून त्यांना पगार द्यायला कुठल्या काळात कोण तयार होतं, हे विजेत्यांच्या यादीवरून जवळजवळ वाचता येतं.

सुरुवातीला तिचं नाव चॅम्पियन्स कप होतं. पहिला कप बल्गेरियाच्या स्लाव्हिया सोफियाने जिंकला, अंतिम लढतीत डायनामो मॉस्कोला हरवून. त्यात फारसं आश्चर्य नव्हतं, कारण १९५८ ची देशादेशांची युरोपीय स्पर्धाही बल्गेरियाच्याच मुलींनी जिंकली होती. मग रीगा आलं. १९६०, ६१ आणि ६२ अशी लागोपाठ तीन वर्षं कप तिथे गेला. तेव्हा टीटीटीचा संघ दौगावा रीगा या नावाने खेळत होता. १९६३ ला स्लाव्हियाने तो परत नेला आणि १९६४ पासून १९७५ पर्यंत सलग बारा वर्षं कप रीगातून हललाच नाही. सलग बारा! युरोपातल्या बास्केटबॉलच्या मोठ्या क्लब स्पर्धांत असा दुसरा पराक्रम मला तरी ठाऊक नाही.

रीगाच का, तर त्या शहरात बास्केटबॉल आधीपासून मुरलेलं होतं. पुरुषांची पहिली युरोपीय स्पर्धा १९३५ मध्ये लात्वियाने जिंकली होती. पुरुष क्लबांच्या चॅम्पियन्स कपची पहिली तीन वर्षंही एएसके रीगाचीच. म्हणजे १९६० साली युरोपातले पुरुषांचे आणि महिलांचे दोन्ही कप एकाच शहरात होते. आणि दुसरं कारण पगाराचं. टीटीटी हा शहराच्या ट्राम आणि ट्रॉलीबस खात्याचा संघ. लात्विया तेव्हा सोव्हिएत संघात होता, आणि सोव्हिएत काळात व्यावसायिक खेळाडू असा प्रकार कागदोपत्री नव्हता. कारखाना, सैन्य किंवा एखादं खातं खेळाडूला नोकरीवर दाखवायचं आणि ती पूर्णवेळ सराव करायची. आपल्याकडे रेल्वेच्या महिला संघाने राष्ट्रीय स्पर्धा वर्षानुवर्षं का जिंकल्या हे ज्याला कळतं, त्याला टीटीटी समजावून सांगावं लागत नाही. नोकरीची हमी असली की मुलगी विसाव्या वर्षी खेळ सोडत नाही. पश्चिम युरोपातल्या बहुतेक क्लबांत त्या काळी मुली दिवसा काम किंवा शिक्षण करून संध्याकाळी सरावाला यायच्या.

आता उल्याना सेम्योनोवाबद्दल, कारण टीटीटी म्हटलं की लोक फक्त तिचंच नाव घेतात. उंची सुमारे २.१३ मीटर, म्हणजे सात फूट. बास्केटची कडी असते ३.०५ मीटरवर. तिच्या जुन्या सामन्यांची चित्रफीत जरूर बघा. ती कडीखाली पाठ लावून उभी राहते, साथीदार सगळ्यांच्या डोक्यावरून उंच पास टाकते, उल्याना तो वरच्या वर झेलते आणि चेंडू छातीपर्यंत खाली न आणताच वळून आत सोडते. बचाव करणाऱ्या दोघी-तिघी तिच्या कोपरापर्यंतही पोचत नाहीत. सोव्हिएत राष्ट्रीय संघाकडून अधिकृत आंतरराष्ट्रीय सामन्यात ती एकदाही हरली नाही. १९७६ आणि १९८० ची ऑलिम्पिक सुवर्णपदकं तिच्या नावावर आहेत. १९९३ मध्ये अमेरिकेतल्या बास्केटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये तिची निवड झाली, आणि तो मान मिळालेली ती अमेरिकेबाहेरची पहिली महिला खेळाडू.

पण हिशोब नीट मांडा. तिच्या वाट्याला युरोपचे अकरा कप आले. टीटीटीचे एकूण अठरा. म्हणजे सात कप तिच्याशिवाय जिंकलेले आहेत, आणि ते सगळे ती येण्याआधीचे. "एक उंच मुलगी मिळाली म्हणून जिंकत राहिले" हे मी बऱ्याच ठिकाणी वाचलंय आणि दर वेळी चीड येते. १९६० चा कप आला तेव्हा उल्याना आठ वर्षांची होती. त्या आधीच्या पिढीने आणि राइमोंड्स कार्नीटिस या प्रशिक्षकाने उभा केलेला संघ तिला आयता मिळाला, आणि उंच पास अचूक टाकणाऱ्या गार्ड, म्हणजे चेंडू पुढे नेणाऱ्या खेळाडू, नसत्या तर तिच्या उंचीचा उपयोग निम्माच झाला असता. शिवाय ऑलिम्पिकमध्ये महिलांचं बास्केटबॉल आलंच १९७६ ला. त्यामुळे साठच्या दशकातल्या टीटीटीच्या मुलींना ऑलिम्पिकचं व्यासपीठ मिळालंच नाही आणि जगाने त्यांची नावंही लक्षात ठेवली नाहीत.

१९७६ ला स्पार्टा प्राग जिंकलं, १९७७ ला पुन्हा टीटीटी आणि १९७८ ला पहिल्यांदा कप पश्चिमेकडे गेला, मिलानला खेटून असलेल्या सेस्तो सान जोव्हान्नी या कामगार-वस्तीतल्या जेआस क्लबकडे. माबेल बोक्की ही त्यांची तारका. १९७९ ला बेलग्रेडचा रेड स्टार, १९८० ला इटलीचं फियाट तोरिनो, मग टीटीटीचे शेवटचे दोन कप १९८१ आणि ८२ मध्ये. त्यानंतर जवळपास दशकभर इटलीचं राज्य. या काळातल्या इटालियन विजेत्या संघांची नावं वाचत जा: फियाट तोरिनो, प्रिमिजी व्हिचेन्झा, एनिमाँट प्रिओलो, कोनाड चेझेना. मोटारी, लहान मुलांचे बूट, रसायनं, किराणा. व्हिचेन्झाने १९८३ ते ८८ मध्ये पाच कप घेतले, पण तेवढ्या काळात क्लबचं नाव प्रायोजकांबरोबर बदलत राहिलं. १९९० चा विजेता प्रिओलो तर सिसिलीतलं पेट्रोकेमिकल कारखान्यांच्या सावलीतलं छोटंसं गाव.

मधल्या काळातला माझा सगळ्यात लाडका विजेता म्हणजे १९८९ चं येडिन्स्त्वो तुझला. बोस्नियातलं कोळसा-मिठाचं औद्योगिक शहर, प्रशिक्षक मिकी वुकोविच आणि कडीखाली दोन मीटरहून उंच राझिया मुयानोविच. त्यांनी फ्लॉरेन्सला, म्हणजे इटलीत जाऊन व्हिचेन्झाला हरवलं. तीन वर्षांत बोस्नियात युद्ध पेटलं. वुकोविच तोवर स्पेनमध्ये होते, आणि १९९२ व ९३ चे कप त्यांच्या दोर्ना गोदेया संघाने व्हॅलेन्सियाला नेले. राझियाने पुढे इटलीच्या कोमोकडून आणखी दोन मिळवले.

१९९६ पासून स्पर्धेला युरोलीग हे नाव आलं. फ्रान्सचं बुर्ज, स्लोव्हाकियातलं कागद गिरणीचं गाव रुझोम्बेरोक (१९९९ आणि २०००), हे सगळं भराभर सांगतो, कारण २००३ नंतर चित्रच पालटलं. त्या वर्षी येकातेरिनबर्गचं यूएमएमसी जिंकलं. मालक उरलमधली तांब्याच्या खाणींची प्रचंड कंपनी. मग मॉस्कोजवळच्या स्पार्टाकने २००७ ते २०१० सलग चार कप घेतले. त्यामागे शबताई काल्मानोविच हा उद्योगपती होता, पूर्वी सोव्हिएतांसाठी हेरगिरी केल्याबद्दल इस्रायलमध्ये तुरुंगवास भोगलेला. अमेरिकेच्या डायना टॉरासी आणि स्यू बर्ड, ऑस्ट्रेलियाची लॉरेन जॅक्सन अशा खेळाडू त्याने एका संघात आणल्या. नोव्हेंबर २००९ मध्ये मॉस्कोत भर रस्त्यात त्याच्या गाडीवर गोळ्या झाडून त्याला मारलं. तरी त्या हंगामाचा कप मुलींनी जिंकलाच.

या पैशाचं प्रमाण लक्षात यावं म्हणून एकच उदाहरण. २०१५ चा अमेरिकन लीगचा हंगाम टॉरासीने खेळलाच नाही, कारण विश्रांती घेण्यासाठी यूएमएमसीने तिला पैसे दिले. तिथला तिचा मोबदला हंगामाला सुमारे १५ लाख डॉलर असल्याच्या बातम्या होत्या. अमेरिकेत तेव्हा कमाल पगार १ लाख १० हजारांच्याही आत होता. जगातल्या सर्वोत्तम खेळाडू हिवाळ्यात उरलला का जायच्या, याचं दुसरं कारण शोधायची गरज नाही. पैसा आटला की काय होतं तेही दिसलं. स्पेनच्या रोस कासारेसने २०१२ चा कप जिंकला आणि त्याच उन्हाळ्यात पोलाद कंपनीच्या मालकांनी व्यावसायिक संघ बंद केला.

यूएमएमसीने एकूण सहा कप घेतले, शेवटचा २०२१ ला. फेब्रुवारी २०२२ मध्ये त्यांचीच अमेरिकन खेळाडू ब्रिटनी ग्रायनर मॉस्कोच्या विमानतळावर पकडली गेली, डिसेंबरात कैद्यांच्या अदलाबदलीत सुटली. दरम्यान युक्रेनवर हल्ला झाला आणि रशियन क्लब हंगामाच्या मधूनच गेले. त्या वर्षी इस्तंबूलमध्ये फेनरबाचेला त्यांच्याच शहरात हरवून हंगेरीतलं शोप्रोन जिंकलं, जे महिनाभर आधी कोणाच्या मनातही आलं नसतं. पुढची दोन वर्षं फेनरबाचेची. २०२५ ला सारागोसात यूएसके प्रागने तुर्कीच्या मेर्सिनला हरवलं. प्रागच्या प्रशिक्षक होत्या नातालिया हेइकोवा. पंचवीस वर्षांपूर्वी रुझोम्बेरोकला दोन कप जिंकून देणाऱ्या त्याच.