जीटीए ५ फुकट डाउनलोड करताना अँटीव्हायरस बंद करायला सांगतात, करू का?

नको करू भाऊ. तू लिहिलंस की यूट्यूब व्हिडिओखालच्या लिंकवरून ७०० एमबीची 'हायली कंप्रेस्ड' फाइल मिळाली, अरे जीटीए ५ ला पीसीवर १०० जीबीच्या वर जागा लागते, तो ७०० एमबीत बसेल तरी कसा? आत गेम नसतोच.

माझं यवतमाळकडं तालुक्याच्या गावी कॉम्प्युटर-मोबाइल रिपेअरिंगचं दुकान आहे. उन्हाळ्याच्या सुट्ट्या लागल्या की पोट्टे पीसी घेऊन येतात, "काका, लय हँग होते, पंखा थांबतच नाही". बरेचदा आत मायनर नावाचं चोरटं सॉफ्टवेअर निघतं, म्हणजे मशीन आपली, लाइट बिल आपलं अन् क्रिप्टो कमावणारा तिसराच. २०२१ मध्ये अवास्ट कंपनीनं असाच क्रॅकोनॉश नावाचा मालवेअर उघडकीस आणला, जीटीए ५, फार क्राय ५, सिम्स ४ यांच्या क्रॅक, म्हणजे लॉक तोडलेल्या, कॉप्यांतून पसरलेला, जगभरात २ लाख २२ हजारांवर कॉम्प्युटर, त्यात भारतातलेही. तो काय करायचा तर विंडोज सेफ मोडमध्ये चालू करायचा, तिथं अँटीव्हायरस चालत नाही, तेवढ्यात विंडोजचा स्वतःचा अँटीव्हायरस डिफेंडर उडवायचा. तुझ्याकडून तर तेच काम ते फुकटात करून घेऊन राहिले!

आता कोणी म्हणेल क्रॅक फाइलवर अँटीव्हायरस उगाच ओरडतो. ओरडतो कधीकधी, खरं आहे, पण उगाच कोणता अन् खरा कोणता हे तुला-मला बघून कळत नाही, आणि त्याच गोष्टीचा हे लोक फायदा घेतात. झिपला पासवर्ड असतो तोही त्यासाठीच, स्कॅनरला आतलं दिसू नये म्हणून.

मायनर तरी परवडला. स्टीलर, म्हणजे माहिती चोरणारा मालवेअर, आला तर ब्राउझरमधले सेव्ह केलेले पासवर्ड अन् कुकीज (तू लॉगिन आहेस हे साइटला सांगणाऱ्या छोट्या फाइली) दोन मिनिटांत गायब, अन् कुकीज गेल्या की समोरचा आधीच लॉगिन असल्यासारखा तुझ्या जीमेलात शिरतो, ओटीपी वगैरे कोणी विचारत नाही. आपल्याकडं घरात पीसी एकच असतो ना, त्याच्यावरच बाबांचं नेटबँकिंग, त्याच्यावरच ताईचा स्कॉलरशिपचा फॉर्म.

मोबाइलवाल्यांनी तर अजूनच जपा. 'जीटीए ६ एपीके' (एपीके म्हणजे अँड्रॉइड ॲपची फाइल) म्हणून जे फिरतं ते सरळ खोटं, जीटीए बनवणाऱ्या रॉकस्टार कंपनीनं तो गेम प्लेस्टेशन ५ अन् एक्सबॉक्स सिरीज एक्स-एससाठी जाहीर केलाय, मोबाइलचा विषयच नाही. असलं ॲप एसएमएस वाचायची नाहीतर ॲक्सेसिबिलिटीची (म्हणजे स्क्रीन वाचायची अन् बटणं दाबायची) परवानगी मागतं, पोट्टं बाबांच्या फोनवर खटाखट अलाऊ दाबतं, आणि कापसाचे, पीक विम्याचे पैसे ज्या खात्यात येतात त्याचा ओटीपी त्याच फोनवर येतो बाप्पा.

फाइल उघडून झाली असेल तर आधी नेट बंद कर. पासवर्ड दुसऱ्या फोनवरून बदल, याच पीसीवरून नको, सगळ्या डिव्हाइसवरून लॉगआउट मार अन् विंडोज नव्यानं टाक. पैसे गेले असतील तर लगेच सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला, १९३० ला फोन, उशीर केला की पैसे पुढच्या खात्यात सरकतात.

फुकटच पाहिजे तर एपिक या ऑनलाइन गेम स्टोअरवर दर आठवड्याला काहीतरी फुकट असते, मे २०२० मध्ये हाच जीटीए ५ त्यांनी फुकट वाटला होता. स्टीम या दुसऱ्या गेम स्टोअरवर सेलमध्ये घेतला अन् पीसीवर चालला नाही तर १४ दिवसांच्या आत, २ तासांपेक्षा कमी खेळला असशील, तर पैसे परत मागता येतात. रॅम किती अन् ग्राफिक कार्ड कोणतं ते सांग, चालतील असे गेम सुचवतो.