पदवी सोडून व्हिडिओ की पदवीसोबत व्हिडिओ?

आदरणीय ताई,

सप्रेम नमस्कार. बीएस्सी प्राणिशास्त्राच्या दुसऱ्या वर्षाला असलेला आपला मुलगा उसाच्या रानातल्या किड्यांचे व्हिडिओ काढतो आणि ‘झे फ्रँकला जमले, मग मला का नाही,’ असे म्हणत कॉलेज सोडायला निघाला आहे, असे आपण कळवले आहे. इंटरनेटवर विनोदी आणि प्राण्यांविषयीचे व्हिडिओ करणाऱ्या या अमेरिकी कलाकाराचा आदर्श त्याने चांगला निवडला आहे. मात्र त्या माणसाची वाटचाल त्याने अर्धीच पाहिलेली दिसते.

फ्रँक यांनी अमेरिकेतील ब्राउन विद्यापीठातून मज्जाविज्ञानाची पदवी घेतली होती. 2001 मध्ये वाढदिवसाचे आमंत्रण म्हणून मित्रांना पाठवलेल्या त्यांच्या गमतीदार नाचाच्या चित्रफिती जगभर पसरल्या, तरी ‘द शो’ हा त्यांचा कार्यक्रम सुरू झाला तो थेट 17 मार्च 2006 रोजी. सोमवार ते शुक्रवार रोज काही मिनिटे, चेहरा कॅमेऱ्याला जवळजवळ चिकटलेला आणि दोन वाक्यांमधला श्वाससुद्धा कापलेला, असे त्याचे रूप होते. प्रेक्षकांनाही ते कामाला लावत. त्यांच्या सांगण्यावरून लोकांनी स्पेन आणि न्यूझीलंडमध्ये, म्हणजे पृथ्वीगोलाच्या समोरासमोरच्या बाजूंना, जमिनीवर पावाचा एकेक तुकडा ठेवून अख्ख्या पृथ्वीचे सँडविच केले होते. बरोबर वर्षाने, 17 मार्च 2007 रोजी, त्यांनी हा कार्यक्रम थांबवला. जाहिरातींतला वाटा निर्मात्यांना देण्याची यूट्यूबची योजना त्यानंतर आली, म्हणजे त्या वर्षभराच्या मेहनतीला तो आधार नव्हताच. पुढे 2012 मध्ये नव्या कार्यक्रमासाठी त्यांनी किकस्टार्टर या लोकवर्गणी गोळा करण्याच्या संकेतस्थळावर आवाहन केले, तेव्हा लोकांनी 1 लाख 46 हजार डॉलरहून अधिक रक्कम दिली आणि त्याच वर्षी बझफीड या अमेरिकी ऑनलाइन माध्यम कंपनीने त्यांना व्हिडिओ विभागात घेतले. पाच वर्षांनंतरही लोकांनी खिशात हात घातला, तो माझ्या मते त्या वर्षभराच्या नेमामुळे. प्राण्यांवरची त्यांची मालिकासुद्धा ‘द शो’ संपल्यानंतरची आहे, हे चिरंजीवांना जरूर सांगावे.

आज जाहिरातींच्या उत्पन्नात वाटा मिळण्यासाठी 1000 सबस्क्रायबर आणि वर्षभरात 4000 तासांचे प्रेक्षण लागते (शॉर्ट्सची अट वेगळी आहे). ती अट पुरी झाली म्हणजे पगार सुरू झाला, असा समज कृपया करून घेऊ नये.

त्यामुळे पदवी सोडू नये, आणि आपणही चॅनेल बंद करायला लावू नये. प्राणिशास्त्र हेच त्याचे भांडवल आहे. किड्याचे नाव चुकले तर जाणकार प्रेक्षक दुसऱ्यांदा येत नाही, म्हणून प्रत्येक व्हिडिओआधी ते प्राध्यापकांकडून तपासून घ्यावे. रानात वाऱ्यामुळे आवाज खराब होतो, तेव्हा नव्या कॅमेऱ्याआधी फोमची टोपी असलेला साधा कॉलर माइक घेऊन द्यावा. पुढे पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपट प्रशिक्षण संस्थेत संकलनाचा (एडिटिंगचा) पदव्युत्तर अभ्यासक्रम करावासा वाटला, तर तिथेही कोणत्या तरी शाखेची पदवी लागतेच. तोवर दर रविवारी एक व्हिडिओ, असा नेम शेवटच्या वर्षापर्यंत ठेवावा. परीक्षेच्या महिन्यात सुट्टी घ्यावी, फक्त ती प्रेक्षकांना आधी सांगून.

आपला,
करिअर मार्गदर्शक