सांग बघू, मी कोण?

मागच्या अंकात डिमेन्शियाबद्दल, म्हणजे मेंदूच्या आजाराने आठवण आणि समज ढासळत जाते त्याबद्दल, थोडंसं लिहिलं होतं, त्यावर भरपूर पत्रं आली आणि बऱ्याच पत्रांत औषधांपेक्षा देवाचे आणि आठवणींचेच प्रश्न होते. त्यातली तीन घेते. नावं गाळली आहेत.

ताई, माझी आई ७८ वर्षांची, फलटणजवळच्या खेड्यातली, माळकरी, १९ वेळा पायी वारी केलेली. चार वर्षांपूर्वी डिमेन्शियातला अल्झायमर निघाला, आता माझ्याकडे हडपसरला असते. कधी मला ओळखते, कधी विचारते बाई तुम्ही कुणाच्या? पण शेजारच्या काकूंनी हरिपाठ सुरू केला की पुढची ओळ ती न चुकता म्हणते. आणि दुसरीकडे देवघरात सगळा गोंधळ, नैवेद्य दाखवायच्या आधीच खाते, फुलं कुस्करते, देव उचलून पदराच्या गाठीत बांधून ठेवते. भाऊ म्हणतो हिला आता देवाचं काही कळत नाही, देवघराला कुलूप लाव. संध्याकाळ झाली की "मला माझ्या घरी सोडा" सुरू होतं. रोज विचारते आज एकादशी का, आणि मधेच वाटलं की उपास मोडला म्हणून रडत बसते. तिच्याकडून देवाचं चुकतंय त्याचा दोष लागत असेल का? स्मरणशक्ती टिकावी म्हणून मी तिला रोज नातवंडांचे फोटो दाखवून नावं विचारते, ते तरी बरोबर करतेय ना? — हडपसरची एक लेक

उत्तर: आधी दोषाचं सांगते, कारण तोच तुम्हाला रात्री झोपू देत नसणार. आयुष्यभर जिने आधी देवाला दाखवून मग घास घेतला तिच्या मेंदूतला "आधी" आणि "मग" हा क्रमच आजाराने पुसलाय, यात तिचं काही चुकत नाही आणि तुमचंही नाही. नैवेद्याच्या ताटाशेजारी तिच्यासाठी अजून एक वाटी ठेवा, बस. आणि देव पदरात बांधते ते नीट बघा हो, तीच बाई संध्याकाळी "घरी सोडा" म्हणते. तिला कुठेतरी निघायचंय आणि देव मागे ठेवून जायचं नाहीये. ज्याला देवाचं कळत नाही तो माणूस असं करेल का? भावाला हे सांगा.

कुलूप लावू नका पण देवघर थोडं बदला. पितळेची जड मूर्ती वर ठेवा, तिच्या हाताला येईल अशी हलकी मूर्ती किंवा फोटो खाली असू द्या, तिने तो दिवसभर पदरात घेऊन फिरवला तरी फिरवू दे. निरांजन आणि उदबत्ती कुणीतरी शेजारी असतानाच, एरवी बॅटरीवरचा दिवा चालतो, कारण साडीचा पदर आणि ज्योत यांचा भरवसा नाही. आणि कापूर कृपा करून आजच उचलून ठेवा. कापराच्या वड्या खडीसाखरेसारख्या दिसतात, देवघरातला प्रसाद समजून तोंडात गेल्या तर फिट येऊ शकते इतका तो विषारी आहे.

आता हरिपाठ कसा काय आठवतो. मेंदूत हिप्पोकॅम्पस म्हणून एक भाग आहे, नवीन गोष्ट साठवायचं काम त्याचं, आणि अल्झायमरचा घाव बहुतेक वेळा सुरुवातीलाच तिथे बसतो, म्हणून सकाळचं जेवण दुपारी आठवत नाही. पण हजारो वेळा तोंडाने म्हटलेलं, हाताने केलेलं असतं ते मेंदू वेगळ्या वाटेने सांभाळतो आणि ती वाट पुष्कळ उशिरापर्यंत चालू राहते, त्याला चाल आणि ठेका असेल तर अजूनच. माझ्या सासूबाईंचं सांगते. शेवटच्या दोन वर्षांत त्यांना स्वतःचं नाव सुद्धा विचारावं लागायचं. एक दिवस बघते तर उशी फाडलेली, कापूस सगळ्या पलंगावर, मी रागावले, खूप बोलले त्यांना. मग लक्षात आलं की त्या कापसाच्या वाती वळत होत्या. चिमूटभर कापूस ओढायचा, बोटांनी विंचरून लांब करायचा, बोट दुधाच्या वाटीत बुडवल्यासारखं करायचं, वाटी नव्हतीच तिथे, आणि तळहातावर एक वळसा. सगळ्या वाती एका मापाच्या. दुसऱ्या दिवसापासून मी खरी वाटी आणि सरकी काढलेला कापूस समोर ठेवायला लागले आणि आमच्या गल्लीतल्या सगळ्या घरांत त्यांच्या वाती गेल्या. त्या रागावण्याचं मला अजून वाईट वाटतं.

म्हणूनच फोटोंबद्दल स्पष्ट सांगते, नावं विचारणं आजपासून बंद करा. "सांग बघू मी कोण", "ओळखलंस का", "आठवतं का तुला", आपल्याकडे येणारा प्रत्येक पाहुणा हेच करतो, प्रेमानेच करतो, पण त्या माणसाची ती परीक्षा होते आणि रोज नापास व्हावं लागतं. अमेरिकेत आयोवा विद्यापीठात अल्झायमर झालेल्यांना आनंदाच्या आणि दुःखाच्या चित्रफिती दाखवून बघितलं होतं, २०१४ मध्ये ते प्रसिद्ध झालं. काय पाहिलं ते लोक विसरून गेले पण त्यातून आलेलं बरं वाटणं किंवा वाईट वाटणं मागे राहिलंच. म्हणजे आई तुमचा प्रश्न विसरेल, ओशाळलेपण विसरणार नाही. त्यापेक्षा फोटो हातात घ्या आणि तुम्हीच बोला, हा बघ आपला धाकटा, तुझ्या हातची पुरणपोळी कशी ओरपायचा. तिला वाटलं तर ती भर घालेल, नाही वाटलं तर ऐकेल.

संध्याकाळचं म्हणाल तर दिवस मावळताना अशी घालमेल डिमेन्शियात फार जणांना होते. हे तुझंच घर आहे असं पटवायला गेलात की भांडण वाढतं. "घरी कोण कोण आहे गं? चूल कुठे होती? अंगणात काय होतं?" असं विचारा आणि तिला सांगू द्या, आणि अंधार पडायच्या आधीच घरातले दिवे लावा. खेड्यात हरिपाठ दिवेलागणीलाच होतो ना, मग काकूंना त्याच वेळेला बोलवा. पाचच अभंग झाले तरी चालतील. टाळाची एक जोडी आईच्या हातात द्या, कपाळाला बुक्का लावा, त्या वासाने जे होतं ते शब्दांनी होत नाही. देवळात न्यायचं तर एकादशी आणि लाऊडस्पीकरचे दिवस सोडून मधल्या एखाद्या दिवशी दुपारी न्या आणि आत जायला ती घाबरली तर बाहेरूनच कळस दाखवून आणा. वारकऱ्याला कळसदर्शन पुरतं, हे ती तुमच्यापेक्षा चांगलं जाणते.

एकादशीला "नाही गं, आज बारस आहे, सोड उपास" म्हणून एक लाडू हातात ठेवला तर मला त्यात पाप दिसत नाही. शुगरची गोळी किंवा इन्सुलिन चालू असेल तर उपासाचं डॉक्टरांना आधी विचारा. आणि एक, घालमेल एक-दोन दिवसांत अचानक खूपच वाढली तर आजार वाढला म्हणून गप्प बसू नका, लघवीचं इन्फेक्शन, पाणी कमी पडणं, बद्धकोष्ठ यानेही तसं होतं आणि ते बरं होतं.

नमस्कार, माझे वडील ८१ वर्षांचे. गिरणीत साचेखात्यात, म्हणजे कापड विणायच्या मागांवर होते, लालबागच्या चाळीत आयुष्य गेलं, आता आम्ही डोंबिवलीला असतो. पक्के लाल बावट्याचे, देवाला हात जोडताना मी त्यांना कधी बघितलं नाही. डिमेन्शिया आहे. एका डे केअरवाल्यांच्या फॉर्मवर "आध्यात्मिक गरजा" असा रकाना होता, मी "नाही" लिहिलं आणि मग दिवसभर ते मनात राहिलं. पहाटे पाचला उठून डबा मागतात, पहिली पाळी आहे म्हणतात. मी सांगतो बाबा गिरणी कधीच बंद पडली, की एकदम पडलेलं तोंड. जुन्या आठवणी काढाव्यात असं सगळे सांगतात पण संपाचं निघालं की ते रडतात. काढाव्यात की नाही? — डोंबिवलीहून एक मुलगा

उत्तर: दादा, तो रकाना खोडून त्यात "गिरणी, युनियन, चाळ" असं लिहा. मी हे अगदी मनापासून सांगतेय. आध्यात्मिक म्हणजे टाळ-चिपळ्याच असं नाही, हा माणूस कशासाठी जगला, कुठे गेल्यावर त्याला आपण कुणीतरी आहोत असं वाटायचं, ते. टॉम किटवुड नावाच्या इंग्रज अभ्यासकाने १९९७ मध्ये हेच मांडलं होतं की आजाराकडे बघताना आधी माणूस बघा, आणि माणूसपण हे भोवतालचे लोक त्याला कसं वागवतात त्यावर टिकतं. आपल्याकडे "साठी बुद्धी नाठी" आणि "म्हातारचळ" म्हणून आपण ते पहिल्या दिवशीच काढून घेतो. २०२३ मधला अंदाज असा की देशात साठीपुढच्या १०० पैकी ७ जणांना, म्हणजे सुमारे ८८ लाख लोकांना डिमेन्शिया आहे. एवढ्या सगळ्यांना चळ लागला का?

पहाटेचा डबा. "गिरणी बंद पडली" हे तुमच्यासाठी जुनं आहे, त्यांना ती बातमी रोज पहाटे पहिल्यांदा कळते. नका सांगू. "बाबा, कुठली पाळी? आज साच्यावर कोण आहे? चहा तर घ्या आधी" म्हणा, आणि खरंच एक डबा भरून द्या, पोळी-भाजी, बसून खाऊ देत. बहुतेक वेळा चहा-डबा होईपर्यंत निघायची घाई ओसरते. दाराला वर कडी मात्र असू द्या, पहाटे बाहेर पडलेला माणूस सापडेपर्यंत काय होतं ते मी पाहिलंय, आणि शर्टाच्या आत फोन नंबर शिवून टाका.

जुनं आठवण्याचं असं आहे. पूर्वी डॉक्टर लोक म्हाताऱ्या माणसाचं सारखं जुनं बोलणं हे लक्षण म्हणून मोजायचे. १९६३ मध्ये रॉबर्ट बटलर या अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञाने लिहिलं की हे स्वाभाविक आहे, शेवटाकडे येताना माणूस आपल्या आयुष्याचा हिशोब करतो. हिशोब म्हटला की त्यात येणीही आली. १८ जानेवारी १९८२ ला सुरू झालेला संप, सुमारे २.५ लाख कामगार आणि तो कुणी मागे घेतलाच नाही, तुमच्या वडिलांसाठी तो आजही संपलेला नसेल. ते रडले तर विषय बदलून टीव्ही लावू नका. हात धरा, "फार सोसलंत बाबा" एवढं म्हणा, हे वाक्य त्यांना तेव्हा कुणी म्हटलंय का? रडून मोकळे झाले आणि थोड्या वेळाने शांत बसले तर घाबरायचं कारण नाही. पण त्याच जागी अडकून पडत असतील, जेवण-झोप तुटत असेल तर तो दरवाजा आपण होऊन उघडू नका, दुसरे बरेच आहेत.

दुसरे म्हणजे हातातले. त्यांना वेगवेगळी कापडं द्या, मांजरपाट, पॉपलिन, धोतराचा तुकडा. साचेवाला कापड डोळ्यांनी नाही, अंगठा आणि तर्जनीमध्ये धरून बघतो. बेडशीटचा कोपरा चोळत बसतात का ते? आपल्याला वाटतं उगाच चाळा चाललाय, ते कदाचित तुटलेला धागा शोधत असतील. जुन्या बाजारात मागावर धागा नेणारा लाकडी धोटा मिळाला तर आणा, टोकं बोथट करून घ्या. एका पत्र्याच्या डब्यात हे सगळं ठेवा, युनियनचा बिल्ला, चाळीच्या गणपतीचा फोटो, आणि रोज नाही, ते निवांत असतील तेव्हा उघडा. एका वेळी एकच वस्तू.

पण यातून फार चमत्काराची अपेक्षा धरू नका. २०१८ मध्ये जुन्या आठवणी काढून बघण्याच्या २२ चाचण्या एकत्र करून पाहिल्या तेव्हा फायदा दिसला तो लहानसा आणि सगळीकडे सारखा नव्हता, आणि ब्रिटनमध्ये घरच्या लोकांना सोबत बसवून गट चालवले तिथे सांभाळणाऱ्यांची काळजी उलट थोडी वाढलेली आढळली. मला त्याचं नवल वाटत नाही, कारण आपण त्याचाही अभ्यास करून टाकतो, आज बाबांना किती आठवलं म्हणून. तुम्ही दमलेले असाल त्या दिवशी डबा बंद राहू दे. शेजारी बसून शेंगा सोला दोघं मिळून, तेवढं पुरे. आणि फॉर्मवर डे केअरवाल्यांना हेही लिहून द्या की सगळे आरतीला उभे राहतील तेव्हा यांना जबरदस्तीने उभं करू नका. शुद्धीत असताना जे त्यांनी नाकारलं ते आता गळ्यात बांधणं मला योग्य वाटत नाही, पण स्वतःहून टाळ्या वाजवायला लागले तर अडवायलाही जाऊ नये.

ताई, आम्ही वसईचे, कॅथलिक. आई ८४ ची आहे. हातात जपमाळ घेऊन मणी सरकवत बसते पण शब्द येत नाहीत, आले तर वेगळेच काहीतरी. तिला कळत नसताना फादरना घरी कम्युनियन, म्हणजे पवित्र भाकरीचा प्रसाद, घेऊन बोलवणं बरोबर आहे का? आणि ती रोज वडिलांना शोधते, ते जाऊन अकरा वर्षं झाली. — वसईहून

उत्तर: बोलवा, अवश्य बोलवा. फादरना आधी सांगून ठेवा की ती गप्प बसेल किंवा मधेच उठेल, आणि गिळायला त्रास होत असेल तर अगदी छोटा तुकडा आणि वर पाण्याचा घोट. ते "वेगळेच शब्द" एकदा मोबाईलवर रेकॉर्ड करून पॅरिशमधल्या एखाद्या जुन्या माणसाला ऐकवा. मिस्सा, म्हणजे चर्चमधली मुख्य उपासना, लोकांच्या भाषेत आली ती दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर, म्हणजे १९६५ च्या आसपास. तुमची आई तेव्हा पंचविशीला टेकलेली, तिच्या लहानपणीची मिस्सा लॅटिनमध्ये होती. ती बडबडत नसेल, तिचं पाठ असलेलं म्हणत असेल, आणि तसं निघालं तर ते शब्द तुम्ही शिका, तिला नवे शिकवू नका. शब्द अजिबात आले नाहीत तरी मणी सरकतायत ना, तुम्ही शेजारी बसून हळू आवाजात म्हणा, तिच्या बोटांच्या वेगाने.

वडिलांचं, तिने "ते कुठेत" विचारलं की "गेले" हे रोज नव्याने ऐकवू नका आणि "बाजारात गेलेत, येतील आता" असंही नको, ती दारात वाट बघत बसेल. "आठवण येतेय का गं त्यांची? मलाही येते" हे खरं आहे, ते म्हणा. तिने सरळच विचारलं की ते वारले का, तर हो म्हणा आणि जवळ बसा. वडिलांचा एखादा शर्ट अजून असेल घरात तर तो न धुता तिच्या उशाशी ठेवून बघा.