बोलपट आल्यावर फ्रेंच सिनेमातल्या चरित्र अभिनेत्रींचं काम बुडालं का?

तुम्ही विचारलंय की मूकपट संपल्यावर नायिकांसारखीच दुय्यम भूमिका करणाऱ्या बायकांचीही गच्छंती झाली का. माझं उत्तर : नाही, बऱ्याच जणींचं नशीब तेव्हाच उघडलं. पोलीन कार्तोंचंच घ्या.

जन्म १८८४, बियारित्झचा. मूळची नाटकातली. मार्सेल लेर्बिएच्या 'फ मातियास पास्काल'मध्ये (१९२५) ती आहे, पण तिचं खरं भांडवल म्हणजे तो खणखणीत, किंचित कुरकुरा आवाज, आणि मूकपटात तोच नेमका वाया जायचा. बोलपट आले तेव्हा बाई पंचेचाळिशीच्या. नायिकेचं वय सरलेलं, मोलकरणीचं नुकतं सुरू.

तंत्राचाही तिला फायदा झाला. सुरुवातीचे माइक बोजड, जागा ठरलेली. तोंड वळवलं की शब्द गेला. आवाज चित्रणाबरोबरच टिपायचा, मागाहून दुरुस्तीला फारसा वाव नाही. एक शब्द अडखळला की अख्खा शॉट पुन्हा. अशा वेळी शेवटच्या रांगेपर्यंत शब्द पोचवायची सवय असलेली नाटकवाली निर्मात्याला स्वस्तच पडायची.

त्याची किंमत म्हणजे शिक्का. मोलकरीण, स्वयंपाकीण, नाहीतर कॉन्सिएर्ज, म्हणजे इमारतीच्या दाराशी राहून भाडेकरूंचं टपाल आणि भानगडी दोन्हींवर नजर ठेवणारी बाई. नाटककार-नट-दिग्दर्शक साशा गित्री १९३५ पासून धडाक्यात बोलपट काढू लागला आणि तिला पुन्हा पुन्हा घेत राहिला.

बघायला सुरुवात 'देझिरे'पासून (१९३७) करा. त्यात ती स्वयंपाकीण आहे. 'ल रोमाँ दँ त्रिशर' (१९३६) जास्त गाजलेला, पण तो जवळजवळ सगळा गित्रीच्या निवेदनावर चालतो, त्यामुळे तिथे तिचा आवाज जोखायला जाल तर फसाल. आवाजच ऐकायचा तर १९३४ च्या 'त्वा से म्वा' या ऑपरेटातलं, म्हणजे हलक्याफुलक्या संगीत नाटकातलं, रने कोव्हालबरोबरचं खारफुटीखालच्या प्रेमाचं द्वंद्वगीत शोधा. चावटपणा शब्दांत कमी आणि तिच्या सुरात जास्त आहे.

कारकिर्दीची यादी करताना एक जपा : चित्रीकरणाचं साल आणि प्रदर्शनाचं साल यांची गल्लत होते. कोक्तोचा 'ल सां दँ पोएत' १९३० मध्ये चित्रित झाला, पडद्यावर आला १९३२ मध्ये. त्यातही ती आहे, आणि चक्क मोलकरीण नाही : लहान मुलीला उडायला शिकवणारी बाई.

'द लाँगेस्ट डे' (१९६२) पाहिला असेल तर तुम्ही तिला आधीच पाहिलंय. नॉर्मंडीतल्या त्या घरातली कामवाली तीच.