वाचकांचे प्रश्न : सेटपासून निर्मितीपर्यंत

प्रश्न : कला विभागात तीन वर्षं साहाय्यक होते. आता पहिल्यांदाच स्वतंत्रपणे एका चित्रपटाचं प्रॉडक्शन डिझाइन, म्हणजे सेट आणि जागांची आखणी, करतेय. निर्माते सेटच्या खर्चाचा आकडा मागताहेत. सुरुवात कुठून करू?

उत्तर : संहितेपासून. एकदा गोष्ट म्हणून वाचा, दुसऱ्यांदा हातात पेन घेऊन. प्रत्येक दृश्याची जागा, आतलं की बाहेरचं, दिवस की रात्र आणि लांबी टिपून ठेवा. लांबी पानाच्या अष्टमांशात मोजतात. सव्वा पानाचं दृश्य म्हणजे १० अष्टमांश. मग हीच यादी जागेनुसार लावा. एका खोलीत १२ पानं घडतात आणि दुकानात जेमतेम अर्धं, हे कळलं की सेट कशाचा उभारायचा आणि तयार लोकेशनवर कुठे भागवायचं ते ठरवता येतं.

आता ती खोली घ्या. १६ बाय १२ फूट, उंची १० फूट, लांब बाजूची एक भिंत कॅमेऱ्यासाठी मोकळी. उरलेल्या तीन भिंती मिळून ४० फूट, म्हणजे ४ फूट रुंदीचे १० फ्लॅट (चौकटीवर प्लायवूड ठोकून केलेले भिंतीचे तुकडे). प्लायवूडचा ताव ८ बाय ४ फुटांचा असतो, त्यामुळे प्रत्येक फ्लॅटवर २ फुटांची पट्टी जोडावी लागते. १० पूर्ण ताव आणि पट्ट्यांसाठी ३, असे १३. कापाकापीत वाया जाणारं धरून १५ मागवा. दारं-खिडक्यांची जागा वजा करू नका, तो माल चौकटींच्या मागच्या आधाराला लागतोच. ८ फुटांवरचा सांधा वाइड शॉटमध्ये हमखास दिसतो. त्यावर कापडाची पट्टी चिकटवून लांबी (पुट्टी) भरा, किंवा तिथूनच लाकडी पट्टी फिरवा.

नवखे डिझायनर चुकतात ते मात्र मालात नाही, दिवसांत. रोज ३ पानं धरली तर १२ पानांचं चित्रीकरण ४ दिवसांत होतं, आणि स्टुडिओचं भाडंही ४ दिवसांचंच लिहिलं जातं. प्रत्यक्षात सुतारकाम ६ दिवस, रंग २, सजावट १, लाइट लावायला १, चित्रीकरण ४ आणि सेट मोडायला १ : एकूण १५. शेवटचा दिवस तर अंदाजपत्रकातून नेहमी सुटतो, आणि त्या दिवशी मजूर, ट्रक, राडारोडा असं सगळंच लागतं. एकूण रकमेवर १० टक्के राखीव ठेवा आणि ते वेगळ्या ओळीत दाखवा. इतर आकड्यांत लपवलंत तर पहिल्या काटछाटीत तेच जाईल.

प्रश्न : सेटला छत करावं का?

उत्तर : कॅमेरा खालून वर बघणार असेल तरच, आणि तेही तुकड्यांत, काढता येईल असं. छायाचित्रकाराला लेन्स विचारल्याशिवाय ठरवू नका. पूर्ण छत केलं की वरून लाइट मारायची सोय जाते.

प्रश्न : डिझायनर पुढे निर्माता होऊ शकतो का?

उत्तर : होऊ शकतो, आणि झालेही आहेत. १९३९ च्या ‘गॉन विथ द विंड’साठी विल्यम कॅमेरॉन मेन्झिस यांना ‘प्रॉडक्शन डिझायनर’ हे श्रेय मिळालं आणि हे पद रूढ झालं. त्यांनी दिग्दर्शन आणि निर्मितीही केली. पॉली प्लॅट डिझायनर होत्या, १९८७ च्या ‘ब्रॉडकास्ट न्यूज’च्या त्या कार्यकारी निर्मात्या होत्या.

कागदावरची गोष्ट माल, माणसं आणि दिवसांत मांडणं तुम्हाला येतंच. निर्मितीतला तो मोठा भाग आहे. कथेचे हक्क, करार, विमा आणि चित्रीकरणानंतरची कामं मात्र कला विभागात कानावरही पडत नाहीत. सध्याच्या कामातच दर आठवड्याचा खर्चाचा तक्ता बघायला मागा. त्यात मंजूर रक्कम, दिलेले पैसे, शब्द दिलेली देणी आणि काम पुरं व्हायला अजून किती लागणार, असे चार रकाने असतात. कला विभागाची गाडी तिसऱ्या रकान्यात घसरते. फर्निचर भाड्याने आणलेलं असतं, बिल आलेलं नसतं, आणि पैसे शिल्लक आहेत असं वाटत राहतं.

मग एखाद्या लघुपटाची निर्मिती करा, पण त्याचं डिझाइन दुसऱ्याकडे द्या. दोन्ही स्वतःकडे ठेवलंत, तर आणखी एक भिंत हवी असं वाटेल तेव्हा नाही म्हणणारं कुणी उरणार नाही.