खान्देशातली झाडं ओळखायची आहेत? इथून सुरुवात करा

भाऊ, पहिल्या वर्षी दहाच झाडं धरा. पळस, मोह, साग, सालई, धावडा, हिवर, बोर, बाभूळ, कडुनिंब आणि अंजन.

अंजनावर जास्त वेळ घालवा. सातपुड्याच्या पायथ्याच्या कोरड्या, खडकाळ जमिनीवर ते उभं असतं, यावल-पालकडे गेलात की भेटेलच. नवखे त्याला आपटा समजतात. आपट्याचं पान एकच, मधे चिरलेलं. अंजनाच्या पानाच्या दोन पर्णिका (पानाचे छोटे भाग) एकमेकींपासून पार सुट्या. नवी पालवी तांबूस येते, फार देखणी!

नेहमीच्या चुका:
- फक्त फुलाचा फोटो काढणं. पान, साल, फळही हवं. सालईची पापुद्र्यांची साल लांबूनच कळते.
- गुलमोहर, सुबाभूळ, वेडी बाभूळ देशी समजणं. तिन्ही बाहेरची.

गवतं आत्ता नकोत.